न फोडलेल्या खापऱ्या

फार जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की ते गाव नेमके कुठे होते हे सांगणारे कुणी उरलेले नाही. गाव होते एका उंच पठारावर. नदी खाली दरीत, जाऊन यायला दिवस मोडायचा. गावाला पाणी एकच, कातळात खोदलेल्या टाक्याचे. ते पावसाळ्यात भरे आणि पुढच्या पावसाळ्यापर्यंत पुरवावे लागे.

पाण्यावरून डोकी फुटू लागली, तेव्हा जाणत्यांनी एक रीत घातली. पावसाळा सरला की खुणांची काठी बुडवून टाक्यातले पाणी मोजायचे. जितक्या घागरी नवे पाणी, तितक्याच मातीच्या खापऱ्या कुंभाराने भाजायच्या आणि घरातली माणसे बघून वाटायच्या. एक खापरी द्यावी, एक घागर भरावी. आलेली खापरी राखणदाराने तिथेच दगडावर फोडावी.

हळूहळू खापरी हेच गावाचे नाणे झाले. न्हावी दाढीला एक घेई, जोडे शिवणारा सहा घेई. खापरी कुणी नाकारत नसे, कारण प्रत्येक खापरीमागे टाक्यात एक घागर पाणी होते. नाण्याची किंमत नाण्यात नसते, ती अशी दुसरीकडे कुठेतरी असते. हे समजायला थोडे शहाणपण पुरते. विसरायला मात्र काहीच लागत नाही.

त्या गावात घोंगड्या विणणारी एक विधवा होती. तिला एकच लेक, दूरच्या गावी दिलेली. लेक पहिल्या बाळंतपणाला माहेरी येईल तेव्हा पाण्याला कमी पडू नये, म्हणून ही बाई वर्षानुवर्षे खापऱ्या साठवत होती. तांब्याभर पाण्यात आंघोळ उरके. तहान लागली तरी ओठ ओले करून गप्प बसे. शेजारणी हसत, "काय गं, सरणावर नेनार हाईस का खापऱ्या?"

ती म्हणे, "हसा बायांनो. माझी लेक बाळाला न्हाऊ घालंल, तवा बघा."

टाक्याचा राखणदार मऊ मनाचा होता. मऊ मन ही फार चांगली गोष्ट, असे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत.

एका उन्हाळ्यात एक मेंढपाळ रडत आला. "दादा, पोरं तापानं फणफणल्यात, आन ही माझी शेवटची खापरी." राखणदाराने त्याची घागर भरली आणि खापरी न फोडता त्याच्या हातावर परत ठेवली. "ऱ्हाऊ दे तुझ्यापाशी. येका घागरीनं टाकं आटत न्हाई."

खरेच आटले नाही. लोक राखणदाराला देवमाणूस म्हणू लागले. मग दुसरी आली, तिची सासू आजारी होती. तिसऱ्याकडे पाहुणे होते. चौथ्याकडे काहीच नव्हते, पण त्यांना दिलेत तर मला का नाही, असा त्याचा सवाल होता. राखणदाराला नाही म्हणवेना. पुढे पुढे त्याने खापऱ्या फोडणेच सोडून दिले. काठी बुडवणेही सोडले, कारण काठी कुणाची भीड ठेवत नाही.

गावात खापऱ्यांचा सुकाळ झाला. सहाचा जोडा विसाला झाला, तरी लोक खुशीत होते. भर उन्हाळ्यात अंगणे शिंपली जाऊ लागली. विधवेलाही घोंगडीचे तिप्पट मिळू लागले, पण तिच्या जिवाला स्वस्थता नव्हती. एक दिवस ती टाक्यावर गेली.

"बाबा, खाली पानी किती हाय रं?"

"मावशी, खापऱ्या हायेत न्हवं तुमच्यापाशी? मग कशाला घोर करता?"

तिने विश्वास ठेवला. न ठेवून ती काय करणार होती?

ऐन वैशाखात लेक माहेरी आली, आणि एका सकाळी पोहऱ्यातून नुसता चिखल वर आला. बातमी फुटताच सारे गाव खापऱ्यांची गाठोडी घेऊन धावले. विधवाही मडके डोक्यावर घेऊन पळत आली. मडके खापऱ्यांनी गच्च भरलेले होते, आणि घरात लेकीला कळा लागल्या होत्या. राखणदाराने तिच्यासाठी पुन्हा पोहरा सोडला. तो कोरड्या कातळावर आपटला.

बाईने तहान मारून जे पाणी टाक्यात राखले, ते दुसऱ्यांनी केव्हाच पिऊन टाकले होते. तिच्याजवळ उरली होती ती भाजलेली माती.

राखणदाराने आपल्या घरातले होते नव्हते ते तांब्याभर पाणी आणून दिले. तेवढ्याने काय होणार? चौघांनी लेकीला घोंगडीच्या झोळीत घालून दरीकडे नेले. नदी दिसण्याआधीच ती गेली, पोटातले बाळही गेले.

राखणदार बाईच्या पायांवर कोसळला. "मावशी, मी कुनालाच कधी न्हाई म्हनलो न्हाई हो."

"तेच केलंस रं बाबा," ती म्हणाली. "येकदा न्हाई म्हनला असतास, तर माझी लेक आज पानी प्याली असती."

थोड्याच दिवसांत गाव उठले. लोक गाठोडी घेऊन ज्या गावांना गेले, तिथे त्या खापऱ्यांवर मूठभर चणेही कुणी दिले नाहीत. पठारावर पुन्हा वस्ती झाली नाही.

तात्पर्य: नाणे म्हणजे दिलेला शब्द; पाळता येणार नाहीत इतके शब्द वाटणारा कितीही दयाळू असला, तरी पोटाला चिमटा घेऊन साठवणाऱ्यालाच तो लुटतो.