एकटीनं गायची रीत नाही

तळ्याकाठच्या बाभळीवर साळू कावळी वडा घेऊन बसली होती, पण तिचा जीव थाऱ्यावर नव्हता. वडा तेलकट, चोचीतून सारखा निसटू पाहत होता. वर घरट्यात पिल्लं भुकेनं कलकलत होती आणि खाली कोल्होबा ठाण मांडून बसला होता. ती या फांदीवरून त्या फांदीवर गेली, की तोही खाली तिकडेच सरके.

"साळूताई, काय ते पंख, काय तो रंग," कोल्होबा म्हणाला. "आणि गळा तर असा, की जन्मभर ऐकत बसावं. एक तान होऊ द्या."

साळूची मान नकळत ताठ झाली. चोच जरा उघडली आणि वडा घसरला. तिनं तो कसाबसा पंजाखाली दाबला. कोल्होबाचा डाव तिच्या ध्यानात आला, आणि रागही आला.

"गाते की, कोल्होबा. फक्त आमच्यात एकटीनं गायची रीत नाही," ती म्हणाली आणि तिनं गळा फाडून कावकाव केली.

एका कावळ्यानं हाक दिली, की सगळी जात धावून येते. बघता बघता बाभूळ काळी झाली. पन्नास गळे एकदम सुटले आणि पन्नास चोची कोल्होबाच्या पाठीत, शेपटीत बसू लागल्या.

"पुरे, ताई, पुरे," बाभळीभोवती पळता पळता तो कळवळला.

साळू पिल्लांना वडा भरवत होती. "एवढ्यात? जन्मभर ऐकणार होता ना? बसा की. पल्याडच्या चिंचेवरचे गाणारे अजून यायचेत."