पुतळीचे पाणी

खाडीचा बांध सोडून पिसेरे गावात शिरले की उजव्या हाताला एक चिरेबंदी विहीर लागते. तिच्या काठावर माणसाच्या पाठीएवढा काळा धोंडा आडवा पडला आहे. चालून दमलेले पाहुणे नेमके त्याच्यावरच बसायला जातात. मग विहिरीजवळच राहणारे म्हातारे काशीरामतात्या त्यांना हाताला धरून पायरीवर बसवतात. "हितं बसा. तो बसायचा दगड नव्हं," एवढे म्हणून तांब्याभर पाणी देतात आणि सांगू लागतात.

फार जुनी गोष्ट म्हणे. तेव्हा माणसांची खरेदी-विक्री होत असे, आणि तीही चोरून नव्हे, चारचौघांसमोर कागद करून. विकत घेतलेल्या बाईला कुणबीण म्हणत. आपल्याकडे असले काही नव्हतेच, असे छातीठोकपणे सांगणारे शहाणे अजून भेटतात. तात्या त्यांच्याशी वाद घालत नाहीत. या वयात घसा कशाला कोरडा करायचा, असे त्यांचे मत आहे.

पुतळी ही आबाजीपंत खोतांची कुणबीण. घाटावर दुष्काळ पडला तेव्हा सख्ख्या मामाने तिला विकले आणि ती इथे येऊन पडली. कागदावर तिची जात कुणबी अशी लिहिलेली होती. जात लिहावीच लागे, कारण जिच्या हातचे पीठ घरात खायचे तिची खात्री नको का? माणूस विकत घेतल्याने कोणी बाटत नसे. भलत्या जातीचा घेतला तर बाटत असे. पुतळी पहाटे जात्यावर बसे, मग गोठा, सारवण, विहिरीच्या खेपा, भाताचे कांडण. तिला मैनी नावाची मुलगी होती. मैनीचा बाप कोण हे साऱ्या गावाला ठाऊक होते, आणि खोतांच्या बायकोला, उमाबाईंना, सगळ्यांच्या आधी. पण कुणबिणीची मुलगी कुणबीणच, असा रिवाज होता, आणि तो बापाच्या चांगलाच सोयीचा होता.

खोतांच्या वेणूचे लग्न ठरले. आंदणाची यादी ओसरीवर मोठ्याने वाचली जात होती आणि पुतळी खाली अंगण सारवत होती. तांब्याचे घंगाळ एक, दुभत्या गाई दोन, कुणबीण मैनी, वय अकरा. पुतळीचा हात शेणातच थांबला. आंदणात गेलेल्या पोरी परत येत नसत. आधीच्या लग्नात गेलेल्या तान्ही नावाच्या कुणबिणीचा नुसता निरोप आला होता, की मेली, दुसरी पाठवा.

ती उमाबाईंकडे गेली. "बाईसाहेब, पोरीच्या जागी मला धाडा."

"तू गेलीस तर गोठा कोण बघणार?" उमाबाई म्हणाल्या. मग म्हणाल्या, "आणि तिला मी अजून किती वर्षं डोळ्यांसमोर ठेवू, पुतळे?" त्यांच्या बोलण्यात रागापेक्षा थकवाच जास्त होता म्हणे. पुतळीला त्यांचे दुःख कळले. पण त्यांच्या दुःखाची भरपाई आपल्या पोरीने का करायची, हे काही तिला कळेना.

चार दिवसांनी व्याही मंडळी यादीवर सह्या करायला आली. पाने वाढली, जेवणे झाली. हात धुवायला पाणी घेऊन आलेली पुतळी तांब्या खाली ठेवून तिथेच उभी राहिली.

"म्या कुणब्याची न्हाय," ती म्हणाली. "मामानं खोटं लिवून दिलं. म्या गावकुसाबाहेरची हाय. माझी पोरबी तीच."

बारा वर्षे त्या घराने तिच्या हातचे दळलेले खाल्ले होते, आणि आत्ता व्याह्यांनीही खाल्ले होते. व्याही उठले आणि निघताना एवढेच म्हणाले, की खोटे असेल तर तिच्या तोंडून वदवा आणि कळवा. खरे असेल तर प्रायश्चित्ताआधी लग्नाचे नाव नको.

आबाजीपंतांना ती खोटे बोलते आहे याची खात्री होती. त्यांनी तिला या विहिरीच्या काठी वैशाखाच्या उन्हात ओणवे उभे केले आणि पाठीवर हा धोंडा ठेवला. पाणी तिच्यापासून चार हातांवर होते. "खोटं बोलले म्हण आणि पाणी पी," ते सांगत. एवढे दोन शब्द पुरे होते. ती म्हणेना.

दुसऱ्या दिवशी खोतांनी गावकुसाबाहेरच्या वस्तीचा म्होरक्या रायनाक याला बोलावले. ही तुमच्यातली नाही, असे त्याने सांगितले की प्रश्न मिटला. रायनाक रिवाजाप्रमाणे लांब उभा राहिला. त्याने या बाईला जन्मात कधी जवळून पाहिले नव्हते. येताना गोठ्याच्या दाराशी बांधून ठेवलेली मैनी मात्र त्याने पाहिली होती.

"काय रे, ही तुमची कोण लागते?" खोतांनी विचारले.

रायनाकाने धोंड्याखालच्या बाईकडे पाहिले. खोताच्या तोंडावर त्याला नको ते बोलायचे तर वस्तीचे बलुते जाईल, पाठीचे सालटे निघेल, हे त्याला कळत होते.

"आमचीच हाय, जी," तो म्हणाला. "दुष्काळात माजा चुलता घाटावर मेला, त्याची लेक."

पुतळीला मान वर उचलता येत नव्हती. पण ती त्या वेळी रडली, असे सांगतात. एवढ्या वर्षांत तिला कोणी आमची म्हटले नव्हते.

खोतांनी ते मानले नाही आणि धोंडा उतरवला नाही. तिसऱ्या दिवशी दुपारी ती धोंड्यासकट खाली बसली आणि गेली. रायनाकाला फटके बसले आणि वस्तीला वर्षभर बलुते मिळाले नाही. मैनीला कोणी शिवेना, म्हणून तिला हाकलून दिले, आणि रायनाकाच्या बायकोने तिला घरात घेतले. पुतळी खरेच कोणत्या जातीची होती हे कोणी विचारले की तात्या चिडतात. इतके ऐकूनही तुम्हाला तेच विचारायचे आहे का, असे म्हणतात.

खोतांनी प्रायश्चित्त घेतले, ही विहीर टाकली आणि वरच्या अंगाला नवी खोदली. तिला खारे पाणी लागले. लोक याला पुतळीचा शाप म्हणतात. खाडी हाकेच्या अंतरावर आहे, दुसरे काय लागणार, असे तात्यांचे म्हणणे आहे.

टाकलेल्या या विहिरीवर पुढे वस्ती पाणी भरू लागली. आजही वस्तीत नवी सून आली की तिला घरी नेण्याआधी या विहिरीवर आणतात. एक म्हातारी विचारते, "ही कोणाची?" जमलेले सगळे म्हणतात, "आमचीच." तिचे आडनाव, गाव, जात त्या दिवशी कोणी विचारत नाही. मग ती ओंजळभर पाणी पिते. त्या वेळी खोतांच्या भाऊबंदांच्या वरच्या वाडीतली माणसे येतात, कौतुकाने बघतात, मुलीच्या हातावर नारळ ठेवतात. पाणी मात्र घेत नाहीत. आग्रह केला तर म्हणतात, आम्हाला हे पाणी जड पडते.