हैबती पाटेवाला आणि न उतरणारं ओझं

एका राज्यात ओझं उतरत नसे. डोक्यावर, खांद्यावर, कडेवर जे घेतलं ते तिथंच राहायचं. पाणक्याच्या पाठीवर पखाल, मोळीवालीच्या डोक्यावर मोळी, भालदाराच्या खांद्यावर भाला. एका बाईनं रडणाऱ्या लेकीला उगी करायला कडेवर घेतलं होतं. ती लेक आता आईपेक्षा चार बोटं उंच झाली होती आणि अजून कडेवरच होती. खुद्द राजा अरिंजयाचा मुकुट बारा वर्षं डोक्यावरून निघाला नव्हता. राजा बसूनच झोपायचा, आणि मुकुटाखाली खाजवायला एक सोन्याची काडी जवळ बाळगायचा.

नवं ओझं मात्र कोणी घेत नसे. रस्त्यात म्हातारं माणूस पडलं तरी लोक वळसा घालून जात. पाठीवर घेतलं तर जन्माचं चिकटायचं.

या राज्यात हैबती नावाचा पाटेवाला होता. डोंगरातला काळा फत्तर फोडायचा, वाटणाचे पाटे घडवायचा आणि बाजारोबाजार विकायचा. शाप लागला त्या दिवशी त्याच्या डोक्यावर एकच पाटा होता, हे त्याचं नशीब. पण एक पाटाही बारा वर्षं वाहिला की पुरे होतो. इतक्या वर्षांत हैबतीनं पाठ टेकली नव्हती. भिंतीला पाटा लावून उभ्या उभ्या डुलकी काढायचा, तेवढीच काय ती झोप. आता डावा हात बधिर पडायला लागला होता. वैद्य म्हणाला होता, "हैबती, तुझी मान काही पुढची अमावास्या बघत नाही." हैबतीला राज्य नको होतं, धन नको होतं. त्याला फक्त आडवं व्हायचं होतं.

शापाची हकीकत अशी. एका बाजारच्या दिवशी वेशीतून एक म्हातारा आला. डोक्यावर भलंमोठं गाठोडं. समोरून घोड्यावर राजा येत होता.

"राजा," म्हातारा म्हणाला, "मान मोडली. उतरवायला जरा हात लाव."

"इथं शंभर माणसं उभी आहेत. मीच का?"

"उभी आहेत खरी. सांगितलं तुला."

राजा हसला आणि घोड्याला टाच मारून गेला. म्हातारा मांत्रिक होता. तो म्हणाला, "तर मग या राज्यात कुणाचंच उतरणार नाही." शाप तोंडातून निघाला तो त्याच्याही डोक्यावर बसला. गाठोडं तसंच घेऊन तो उत्तरेच्या टेकडीवर जाऊन उभा राहिला.

त्या शंभरांत हैबती होता. तीन हातांच्या अंतरावर उभा राहून पान जमवत होता. म्हातारा त्याला दिसला. लावील कोणीतरी हात, असं मनात म्हणून त्यानं पानाला चुना लावला. बारा वर्षं तो स्वतःला सांगत आला होता, मला कुठं सांगितलं होतं? सांगितलं राजाला. हे बोलणं बिनतोड होतं, पण त्यानं पाटा गुंजभरही हलका होत नसे.

राजज्योतिषी म्हणाला, म्हाताऱ्याचं ओझं उतरलं की सगळ्यांची उतरतील. राजानं दवंडी पिटली, जो उतरवील त्याला अर्धं राज्य.

पहिला गेला सेनापती. अर्धं राज्य डोळ्यांपुढं ठेवून त्यानं गाठोड्याला हिसके मारले. गाठोडं तसूभर हललं नाही. दुसरे गेले शास्त्रीबुवा. मुळात हे कर्तव्य कोणाचं, ज्याला सांगितलं त्याचं की ज्यानं पाहिलं त्याचं, यावर ते म्हाताऱ्यापुढं तीन प्रहर बोलले, मग पुण्य मिळावं असा संकल्प करून हात लावला. गाठोडं दुप्पट जड झालं. तिसरा गेला राजा, पायी. हात जोडून म्हणाला, "चुकलो. आता माझा मुकुट सोडवा." म्हातारा गुडघ्यापर्यंत जमिनीत रुतला.

मग एका सकाळी हैबती निघाला. टेकडीच्या पायथ्याशी बोरीवर एक साळुंकी बसली होती.

"पाटेवाल्या, कुठं निघालास?"

"म्हाताऱ्याचं ओझं उतरवायला."

"कुणासाठी?"

हैबती थबकला. धंद्यात तो हव्या तेवढ्या थापा मारायचा, पण पाखराला थाप मारून काय मिळणार? "माझ्यासाठी," तो म्हणाला. "मला निजायचंय."

"मग तुझ्यानं उतरायचं नाही. तिघं आले आणि तिघंही आपापल्या कामाला आले. म्हाताऱ्याच्या कामाला कोणी आलंच नाही."

"मग मी म्हाताऱ्यासाठी आलो म्हणतो."

"मला म्हण खुशाल. गाठोड्याला कळतं."

हैबती कण्हला. "साळुंकीबाई, खरं सांगू? त्याच्याविषयी मला कणाची माया नाही. बारा वर्षं रोज उठून शिव्या घालतोय."

"मग माघारी जा."

"जातो. पण इथवर पाय तोडत आलोय, तर चार शिव्या तोंडावर घालून जातो."

तो टेकडी चढला. म्हातारा गुडघाभर मातीत उभा होता, डोळे मिटून. हैबतीनं तोंड उघडलं आणि त्याची नजर म्हाताऱ्याच्या टाळूकडे गेली. गाठोड्याखाली चुंबळ नव्हती. कापड पिळून केलेलं ते कडं जागेवर असलं तर ओझं मानेवर तोललं जातं. नसलं तर गाठ टाळूत शिरते. दोन चिंध्या तेवढ्या कानावर लोंबत होत्या. खाली जखम, जखमेवर खपली, खपलीवर पुन्हा जखम. सेनापतीला ते दिसलं नव्हतं, शास्त्र्यांना नाही, राजाला नाही. त्यांनी असली ओझी कधी वाहिली नव्हती.

"चुंबळ कुठाय?" हैबतीनं विचारलं.

"झिजली."

"कधी?"

"दहा वर्षं झाली."

"आणि आलेल्या माणसाला सांगता येत नव्हतं?"

"एकदा सांगून बघितलं होतं."

हैबतीचा राग होता तिथंच होता. तरी त्यानं आपल्या पाट्याखाली बोटं घातली आणि कुरकुरत, बोटबोटभर, स्वतःची चुंबळ ओढून काढली. फत्तर उघड्या टाळूवर बसला. डोळ्यांपुढं काजवे चमकले. मान आता अमावास्येपर्यंतही पोचणार नाही, हे त्याला समजलं.

"मान ताठ ठेव," तो म्हणाला. "मी एका अंगानं उचलतो आणि चुंबळ सारतो."

"आणि तुझं काय?"

"माझं मी बघीन. मान ताठ ठेव म्हटलं ना!"

"पण मी तुला सांगितलं नाही."

"त्या दिवशीही नव्हतं सांगितलं. तीन हातांवर होतो मी. दिसलं होतं मला." हैबतीला धाप लागली. "आज परत दिसलं. आता हलू नको."

त्यानं गाठोड्याखाली तळवे घातले. गाठोडं वर आलं. बोटभर आलं, मग वीतभर आलं.

"आता वर आलंच आहे," म्हातारा हळूच म्हणाला, "तर खाली ठेवू या?"

"ठेव की! मी काय धरून उभा राहू?"

दोघं वाकले. गाठोडं गवतावर टेकलं. त्याच क्षणी हैबतीच्या डोक्यावरून पाटा घसरला आणि धप्पकन शेजारी पडला.

खाली राज्यात पखाली उतरल्या, मोळ्या उतरल्या. उंच लेक आईच्या कडेवरून पाय टेकून उभी राहिली, आणि आई कंबर चोळत तिच्याकडे मान वर करून बघू लागली. राजानं मुकुट काढला, तर कपाळाला आडवा घट्टा पडलेला.

"काय होतं रे गाठोड्यात?" हैबतीनं विचारलं.

"ज्वारी. घरी न्यायची होती."

गाठोडं सोडलं तर आत नुसतं पीठ. किड्यांनी एक दाणा ठेवला नव्हता. म्हाताऱ्यानं ते मूठभर हातात घेतलं आणि वाऱ्यावर सोडलं. त्याचे पाय आपोआप मातीतून मोकळे झाले. हैबतीला काहीतरी बोलायचं होतं, पण त्याआधी तो आडवा झाला.

तीन दिवस तो झोपला. चौथ्या दिवशी डोळे उघडले तर उशाशी राजा बसलेला, बोडक्या डोक्यानं. मागं मानकरी उभे.

"पाटेवाल्या, अर्धं राज्य तुझं."

"महाराज, तेही डोक्यावरच घ्यावं लागेल. राहू द्या. आज बाजार आहे."

हैबती उठला आणि पाट्याजवळ उकिडवा बसला. एवढा फत्तर एकट्याला डोक्यावर चढवता येत नाही. ते त्या राज्यातही येत नसे. तो पाट्याकडे बघत राहिला. हात लावा म्हणून कुणाला सांगितलं नाही. मानकरी एकमेकांकडे बघू लागले.

राजानं खांद्यावरचा शेला काढला आणि पिळायला घेतला. पीळ उलटा पडला.

"असं नव्हे, महाराज. आणा इकडं." हैबतीनं घट्ट चुंबळ केली आणि डोक्यावर बसवली. राजा पाट्याला हात घालायला वाकला. "कमरेतून नका वाकू, गुडघ्यातून. हां."

पाटा चढला. हैबती उतरणीला लागला. दुपारी बाजारात एका बाईनं न सांगता हात लावून तो खाली घेतला, पालथा करून पाहिला, आणि म्हणाली,

"भाव सांगा. आणि वाजवी सांगा."