मेणाने अडवलेली घटका

एका राज्यात, जिथला सूर्यही विचारून मावळतो असे तिथले भाट गात, वीरकेतू नावाचा राजा होता. भाटांचे सोडून द्या, त्यांना गाण्याचेच वतन असते. खरे एवढेच, की त्या राज्यात वेळेला देवाचा मान होता. पाण्याच्या गंगाळात तळाला भोक असलेले तांब्याचे पात्र तरंगत ठेवीत. ते भरून बुडाले की घटका सरली. लग्नात तर त्याचाच शब्द अखेरचा. पात्र बुडायच्या आत नवरदेव मांडवात आला नाही, तर लग्न मोडले आणि वधू मोकळी झाली. मग तिने वाटेल त्याला वरावे, नाहीतर कुणालाच वरू नये.

वीरकेतूचे लग्न राजकन्या सुवर्चेशी ठरले, आणि ऐन मुहूर्ताला हा पठ्ठ्या आरशापुढे फेटे बांधण्यात रमला. एक बांधला, तो आवडला नाही. दुसरा बांधला, तो तिरका वाटला. तिसरा हातात घेऊन खिडकीतून पाहतो, तर अंगणातले पात्र भरत आलेले. त्याने घटका मोजणाऱ्या विसोबाला काहीतरी निमित्त काढून आत धाडले, मागच्या जिन्याने उतरून पात्राच्या भोकाला मेण लावले, आणि वर जाऊन तिसरा फेटा पुरा केला. लग्न थाटात लागले.

पण अडवलेली वेळ जाणार कुठे? संध्याकाळ झाली तरी पात्र बुडेना, तेव्हा लोक कुजबुजू लागले. राजा म्हणाला, विसोबाचे पात्रच खोटे. त्याने ते महालामागच्या तळ्यात फेकले आणि विसोबाला राज्याबाहेर घालवले. तळ्यात ती वेळ आंबत राहिली, आणि काही वर्षांनी तिच्यातून अधवेळे निघाले.

अधवेळ्यांना धुक्याचे अंग होते. त्यांना काल नव्हता आणि उद्याही नव्हता, म्हणून ते दुसऱ्यांची वर्षे खात, आणि पोट भरले की भलत्याच्याच अंगावर टाकून देत. एक नांगऱ्या सकाळी शेतावर गेला, तो दुपारी काठी टेकत परतला. एक म्हातारी आत्या रांगू लागली. शिपायांच्या तलवारी त्यांच्यातून आरपार जात. हे शत्रूच्या मांत्रिकाचे काम आहे, असे राजाने दरबारात सांगितले. पण चोराच्या मनात चांदणे. तळ्याकडची खिडकी तो रोज स्वतः लावून घेई.

मग एक अधवेळा राजाच्या धाकट्या लेकीच्या, कमळजेच्या अंगातून गेला. तिचे दुधाचे दातही अजून पडले नव्हते. सकाळी तिचे केस पिकले, दुसऱ्या दिवशी पाठ वाकली. पौर्णिमेपर्यंत ती राहणार नाही, असे राजवैद्यांनी सांगितले. राणी सुवर्चेने राजाला विचारले, "तो शत्रू कोण, ते तुम्हांला ठाऊक आहे का?"

राजा म्हणाला, "नाही." हा एक शब्द पुढे त्याला जन्मभर सलत राहिला.

तळ्याकाठी एक टिटवी राहत असे. त्या राज्यात पुष्कळ पक्षी बोलत, पण खरे बोलणारी ती एकटीच. राजाने तिला उपाय विचारला.

टिटवी म्हणाली, "कामे तीन आहेत. पात्र तळ्यातून काढ. विसोबाला आण. तिसरे काम तुला ठाऊक आहे, ते मी कशाला सांगू?"

राजाने तळ्यात बुडी मारली. तळाशी अधवेळे बसले होते, आणि प्रत्येकाला राजाचाच तरणा चेहरा होता, डोक्यावर अर्धा बांधलेला फेटा. त्याने मान खाली घातली आणि त्यांच्यातून वाट काढीत पात्र उचलले. वर आला तेव्हा त्याची दाढी पांढरी झाली होती.

विसोबा परमुलखात दोर वळून पोट भरीत होता. राजाने त्याचे पाय धरले आणि केलेले पाप सांगू लागला. विसोबाने त्याला थांबवले.

"ते मेण मी तेव्हाच पाहिले होते, महाराज. नवरदेवाची अब्रू म्हणजे सगळ्या मांडवाची अब्रू, म्हणून बोललो नाही. माझेही चुकलेच. मी तेव्हा तोंड उघडले असते, तर पोर आज सुखात असते."

त्याने शिव्या दिल्या असत्या तर बरे झाले असते, असे राजाला वाटले.

उरले तिसरे काम. अंगणात गाव जमला. कमळजा सुरकुतलेली, आईच्या मांडीवर पडली होती. राजा बोडक्या डोक्याने सगळ्यांपुढे उभा राहिला.

"सुवर्चे," तो म्हणाला, "त्या दिवशी पात्र बुडत होते. मी फेटा बांधत होतो. मेण मी लावले. तुझी मोकळीक मी चोरली, आणि शिक्षा विसोबाला दिली."

कुणी हसले नाही. विसोबाने मेण खरवडले आणि पात्र गंगाळात सोडले. पाणी चढत गेले, पात्र बुडाले, आणि विसोबाने काशाच्या तासावर, घटका सरल्याचा टोला दिला. तळ्यावरून अधवेळे उठले. टोला ऐकला तसा एकेक जण वाऱ्याची झुळूक होऊन गेला. ज्याची वर्षे त्याला परत मिळाली. नांगऱ्याने काठी टाकली. कमळजेचे केस काळे झाले, आणि भूक लागली म्हणून ती उठून बसली.

सुवर्चा उठली. "घटका बुडाली," ती म्हणाली. "मी मोकळी झाले. पुढे काय करायचे ते माझे ठरेल तेव्हा मी सांगेन. तुम्ही विचारायचे नाही."

राजाने मान डोलावली.

सगळे बाबांकडे असे का बघतात, हे कमळजेला कळेना. तिने त्यालाच विचारले.

"मी खोटे बोललो होतो, बाळ. मला लाज वाटते."

"माझ्याशीपण खोटे बोललात?"

"तुझ्याशीपण."

मुलीने थोडा विचार केला आणि ती आईच्या मागे जाऊन उभी राहिली.

लोक पांगेपर्यंत राजा तिथेच उभा होता. राज्यात वेळ पुन्हा नीट चालू लागली. ज्याची घटका त्याला मिळो. ऐकणाऱ्याला मिळो, सांगणाऱ्याला मिळो.