तीन राजे आणि खिंडीतली माणसं

फार जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की त्या वेळच्या राज्यांच्या सीमांवर आज गुरं चरतात आणि त्यांना त्याचा पत्ताही नसतो. लहानांनो, तुम्ही ऐका. मोठ्यांनो, तुम्ही जरा जास्त लक्ष देऊन ऐका, कारण ही चूक लहानांच्या हातून होत नाही.

तेव्हा तीन राज्यं होती. डोंगराच्या राज्यात एक म्हातारा, हट्टी राजा होता. किनाऱ्याचा राजा बोलघेवडा होता. आणि नदीकाठी एक राणी राज्य करायची, ती दोघांपेक्षा शहाणी. पिढ्यान्‌पिढ्या या राज्यांचं एकमेकांशी पटलं नव्हतं. मग उत्तरेकडून एक राजा मोठं सैन्य घेऊन निघाला आणि वाटेतली राज्यं एकेक करून गिळू लागला. तेव्हा कुठे तिघांना एकमेकांची आठवण झाली.

तिन्ही सीमा जिथे मिळत, त्या उघड्या माळावर ते घाईघाईने भेटले. ना तंबू, ना आसनं, ना स्वयंपाकी. दुपार टळली तरी कुणाच्या पोटात काही नव्हतं. माळावरच्या एका धनगरणीने आपली उरलेली एकच भाकरी पुढे केली. ती मोडायची कुणी, यावर तिघं घुटमळले, तशी ती हसली.

"जो मोडंल त्यानं शेवटचा तुकडा घ्यायचा," ती म्हणाली. "आमच्यात पोरंबी असंच करत्यात. हात सरळ ऱ्हातो."

राजांना ते पटलं. पुढे चार वर्षं प्रत्येक बैठक एका भाकरीने सुरू झाली, आणि हळूहळू तोच नियम युद्धालाही लागला. जो बेत सुचवील, त्याने त्यातला सगळ्यात अवघड वाटा उचलायचा. उत्तरेची खिंड रोखून धरावी असं राणीने सुचवलं, म्हणून तिने तिथे स्वतःचा धाकटा भाऊ नेमला. त्याच्याबरोबर तिन्ही राज्यांचे मिळून दोनशे शिपाई गेले.

काय दिवस होते ते! किनाऱ्याचा राजा येताना सुकट आणायचा. डोंगराचा राजा नाकाला उपरणं लावायचा आणि मग सगळ्यात जास्त तोच खायचा. राणीला दोघंही अक्का म्हणत, तो म्हातारासुद्धा. एकाच्या गावावर हल्ला झाला, की त्याचा निरोप पोचायच्या आधीच दुसऱ्याचे घोडे निघालेले असत. गावं जळत होती, कोठारं रिकामी होत होती, तरी पुढे कितीतरी वर्षं त्या दिवसांची आठवण निघाली की म्हातारी माणसं सुस्कारा सोडत. खरं सांगायचं तर मलाही तेव्हा नसल्याची खंत वाटते.

मग शत्रू मागे हटू लागला. विजय दिसू लागला आणि माळावर तंबू उभा राहिला. तंबूत उंच आसनं आली, आसनांमागे प्रधान आले. भाकरी गावंढळ दिसते म्हणून प्रधानांनी ती बंद केली आणि तिच्या जागी नकाशा अंथरला. शत्रूची राजधानी कुणाची, बंदर कुणाचं, वेशीतून पहिला झेंडा कुणाचा शिरणार, यावर खल सुरू झाला.

तेवढ्यात खिंडीतून स्वार आला. शत्रूचं उरलेलं सारं सैन्य खिंडीवर चालून येत होतं.

"आजपासून पाच दिवस खिंड धरून ठेवतो, असं राणीसाहेबांच्या भावांनी सांगितलंय," स्वार म्हणाला. "त्याच्या आत माणसं पोचायला हवीत."

खिंड तीन दिवसांच्या वाटेवर होती. राणी लगेच म्हणाली, "तिघंही निम्मं निम्मं सैन्य पाठवू. आत्ताच."

"पाठवतो की, अक्का," किनाऱ्याचा राजा म्हणाला. "बंदराचं तेवढं ठरू दे."

"आधी याचं सैन्य निघू दे," डोंगराचा राजा म्हणाला. "माझं तिकडे गेलं आणि हा राजधानीत शिरला, तर मी काय करू?"

राणी एकटीही निघू शकत होती. पण तिचा प्रधान कानाशी लागला, "आपण खिंडीकडे गेलो, की हे दोघं राजधानी वाटून घेतील." आणि खोटं कशाला सांगू, राणीचाही पाय अडला. पाठचा भाऊ तिकडे होता, तरी अडला. दोन दिवस ती नकाशाकडे बघत बसून राहिली.

तिसऱ्या दिवशी मात्र तिला ते सोसेना. "राजधानी तुम्हीच घ्या," असं म्हणून ती उठली आणि सैन्य घेऊन निघाली. मग लाजेने ते दोघंही मागोमाग निघाले.

ते पोचले तेव्हा सहावा दिवस उजाडला होता. भावाने शब्द पाळला होता. पुरते पाच दिवस त्याने खिंड धरून ठेवली होती, आणि मग शत्रू पार होऊन गेला होता.

आपापली पडलेली माणसं वेगळी काढून त्यांना आपापल्या रीतीने निरोप द्यावा, असं राजांनी ठरवलं. पण ओळख पटेना. डोंगरी घोंगडी, नदीकाठचा शेला, किनाऱ्याची डगली, सगळ्यांची सरमिसळ झाली होती. राणीने आपला भाऊ चेहऱ्यावरून ओळखला, त्याच्या अंगावर घोंगडी होती. जिवंत होता तो एकच, जखमी स्वयंपाकी.

"यातले माझे कोणते?" डोंगराच्या राजाने त्याला विचारलं.

"थंडीत ज्याला जे पुरलं, ते त्यानं पांघरलं, महाराज," तो म्हणाला. "इतक्या वर्षांत इथं कुणी कुणाला हे विचारलं नाही. आता मलाही सांगता यायचं नाही."

म्हातारा राजा तिथेच मटकन खाली बसला आणि रडू लागला. राणी रडली नाही. तिने लाकडं उचलायला सुरुवात केली. तिघांनी मिळून एकच चिता रचली.

निसटलेल्या शत्रूने तिन्ही राज्यांत धुमाकूळ घातला आणि युद्ध आणखी तीन वर्षं चाललं. अखेर विजय मिळाला, पण तोवर शत्रूची ती राजधानी जळून गेली होती आणि त्या बंदरात एकही होडी उरली नव्हती.

तात्पर्य: विजयाची वाटणी थांबू शकते, मित्राला हवी असलेली मदत थांबू शकत नाही.