बोळा घातलेली मावली

टेंबरूणपाड्याच्या देवळात मावलीचा लाकडी मुखवटा आहे. त्याच्या उघड्या तोंडात कापसाचा बोळा घातलेला असतो. पाहुणे तो काढायला हात पुढे करतात आणि देवजीबाबा भोये काठी आडवी धरतात. "डोळ्यांनी बघा. हाताचं काय काम तिथं?" मग ओट्यावर टेकून सांगू लागतात.

त्यांच्याच घराण्यात काकड भोये नावाचा कारागीर होऊन गेला म्हणे. बोहाड्याच्या उत्सवात नाचवायचे देवांचे मुखवटे तो कोरायचा, आणि ज्या देवाचा मुखवटा त्याचीच चाल गात पटाशी चालवायचा. लाकडात चाल मुरल्याशिवाय देव नाचत नाही, असं जुनी माणसं म्हणत. नेम एकच. तोंड शेवटी कोरायचं, आणि ते कोरताना आपलं तोंड बंद ठेवायचं. नाहीतर लाकूड समोरच्याचा गळा ओढून घेतं.

एका साली पाड्यात तापाची साथ आली. दिवस मावळायच्या आत मावली देवळात बसली तरच साथ उतरेल, असा भगताचा कौल पडला. काकड कोरायला बसला. शेजारी त्याची एकुलती पोर, बुधी, तापानं फणफणत होती. आई नाही, आणि जन्मापासून डोळ्यांनी दिसत नाही. बाप तिला ठाऊक होता तो आवाजानं. गाणं चालू असलं की तिचा श्वास चाले. बाप पाण्याच्या घोटाला थांबला तरी तिची छाती अडके.

दुपार कलली. डोळे झाले, नाक झालं, तोंड तेवढं उरलं.

"काकड, आता गप हो," भगत दारातून म्हणाला.

काकड गप झाला. खाटेवरची धापही थांबली. नेम त्याला आठवत होता हो, चांगला आठवत होता. पण बापाचं काळीज ते. गातगातच त्यानं पटाशी लाकडाच्या ओठांवर टेकवली.

शेवटचा ढलपा पडला. काकडचे ओठ हलत राहिले आणि गाणं समोरून येऊ लागलं. तोंड देवीचं, गळा बापाचा. भगत उंबऱ्यातच खाली बसला.

मावली देवळात बसली, साथ उतरली, बुधी उठली. काकडनं तिला उचलून घेतलं, पण तोंडातून अक्षर फुटेना. कुणी परका, मुका माणूस धरतोय म्हणून पोर किंचाळली आणि सुटून, गाण्याच्या मागानं चाचपडत देवळात गेली. मुखवट्याच्या गालावरून हात फिरवत म्हणाली, "बा, तू एवढा गार कसा?"

मग ती तिथून हलेना. दोन दिवस अन्न नाही, पाणी नाही. शेवटी काकडनं स्वतःच्या हातानं त्या तोंडात बोळा कोंबला. पोर घरी आली, जेवली, मोठी झाली, असं सांगतात. पण त्याला 'बा' म्हणून तिनं पुन्हा हाक मारली नाही.

आजही भोयांची लेक सासरी निघाली की संबळ थांबवतात. लेक बोळा काढते, कान लावते आणि "येते, बा" असं त्या लाकडाला सांगते. जन्मदात्यानं मागे तोंड मिटून उभं राहायचं.

"काय ऐकू येतं?" पाहुणे विचारतात.

"मला काय ठाऊक? माझ्या तिघी लेकी सासरी गेल्या," देवजीबाबा म्हणतात. "एकीनंही वळून पाहिलं नाही."