बोळातला मारुती

रंगराव दाभोळे म्हणजे आमच्या गावचं बडं प्रस्थ. त्यांनी भर आळीतला बोळ अडवून त्यावर दुमजली घर चढवलं. ओढ्याकडे जायची वाटच बुजली, अन् सुंद्राक्काची दुभती म्हैस गोठ्यात कोंडली गेली. आळी कोर्टात गेली. घर पाडायचा हुकूम मिळाला.

जेसीबी घेऊन साहेब आले, तर तळमजल्यावर मारुती! शेंदूर अजून ओला होता.

"हे देऊळ आहे, साहेब," रंगराव मिशीत हसले. "पाडा, बघू कुणाची छाती होते!"

साहेबांचा चेहरा उतरला. ड्रायव्हरने यंत्र बंद करून हात जोडले.

सुंद्राक्काने उंबऱ्याशी चपला काढल्या, मारुतीला नमस्कार केला आणि वर बोट दाखवलं.

"रंगराव, वर काय हो?"

"झोपायची खोली... अन् संडास."

"देवाच्या डोक्यावर?"

गर्दी खवळली. आक्का मात्र शांतपणे म्हणाली, "साहेब, हे देऊळ असेल तर आधी वरचा संडास पाडा. देऊळ सगळ्यांचं, तेव्हा दोन्हीकडची दारं कायम उघडी ठेवा. माझी म्हैस रोज दर्शन घेऊन ओढ्यावर जाईल. अन् घर असेल तर तुमचा हुकूम आहेच. बोला रंगराव, घर की देऊळ?"

आळी आक्काकडे बघतच राहिली. अशी बाई आमच्या शेजारी राहते, हे आम्हांला त्या दिवशी कळलं.

"घर," खवळलेल्या गर्दीकडे बघत रंगराव पुटपुटले. मग जेसीबी पुन्हा सुरू व्हायच्या आत त्यांनी स्वतः मारुती उचलून बाहेर आणला. रंगरावांना ओझं वाहताना गावाने जन्मात पहिल्यांदाच पाहिलं.